कलतं घर, शुभ बोलणं

९ नोव्हेंबर

शेजारच्या जागेवर आज यंत्र आलं. तिथे सुक्या मासळीचं गोदाम होतं, ते गेल्या महिन्यात पाडलं. आता बारा मजले होणार म्हणतात. कंपनीचा मॅनेजर श्याओ परवा अननसाच्या वड्यांचा डबा घेऊन आला, कमरेत वाकला आणि म्हणाला, "वेंगकाका, थोडे दिवस आवाज होईल, सांभाळून घ्या." मी डबा घेतला. घ्यायला नको होता का, हेच आता डोक्यात फिरतंय. आ-ख्वान म्हणाली, "घेतलास ना, मग आता खा," आणि तिने दोन वड्या खाल्ल्यासुद्धा. मी एकही खाल्ली नाही. उद्या काही झालं तर निदान सांगता येईल की नवऱ्याने खाल्ली नाही, बायकोने खाल्ली.

लिहायची मला सवय नाही. शाळा चौथीपर्यंत. पण वॉर्डाचे प्रमुख म्हणाले, शेजारी बांधकाम निघालं की घरात काय काय होतं ते लिहून ठेवत जा, पुढे उपयोगी पडतं. पुढे म्हणजे कधी, आणि कशासाठी, ते विचारायचं राहिलं.

१७ नोव्हेंबर

खड्डा खणतायत. खणलं की पाणी लागतं, पाणी लागलं की पंप लावतात. पंप दिवसरात्र चालू. आजोबा सांगायचे की ही सगळी गल्ली पूर्वी समुद्र होती, नंतर खाडी झाली, नंतर माशांची तळी, आणि मग आपण आलो. मला ती गोष्ट लहानपणी आवडायची. आता आवडत नाही. पंपाच्या नळीतून जे पाणी गटारात जातं, त्यात वाळू असते. ती वाळू कुठली, हे मी मॅनेजर श्याओला विचारलं. तो म्हणाला, "आमच्या जागेतली, काका." मी म्हटलं, वाळूला कुठे कळतं कुणाची जागा कुठे संपते. तो हसला. मी विनोद केला नव्हता.

दुपारी पडल्या पडल्या स्वप्न पडलं. आमच्या पलंगाखालून तळ्यात पाळतात ते दूधमासे चालले होते, एकामागून एक, अगदी सावकाश. एकाने वळून माझ्याकडे पाहिलं.

२ डिसेंबर

आज वाट्या बिघडल्या.

आमचा धंदा उकडीच्या वाट्यांचा. तांदूळ भिजवून वाटायचा, ते पांढरं दूध चिनीमातीच्या वाट्यांत ओतायचं, तळाशी मांसाचा तुकडा आणि मशरूम, आणि मोठ्या भांड्यात वाफवायचं. सासूबाईंपासून आ-ख्वानच्या हातात आहे. आज झाकण काढलं तर प्रत्येक वाटीत उकड एका बाजूला जाड आणि दुसऱ्या बाजूला पातळ. सगळ्या वाट्यांत एकाच बाजूला. आ-ख्वानने झाकण परत लावलं, जणू ती चुकून दुसऱ्याच्या घरात डोकावली होती.

आ-तेक आला, बस चालवून निवृत्त झालेला, रोज सकाळी येतो. म्हणाला, "वहिनी, आज वाट्यांनी रात्री घेतली होती काय? सगळ्या डुलतायत."

"तुझं तोंड सरळ धर, म्हणजे वाटी सरळ दिसेल," आ-ख्वान म्हणाली. पण तो गेल्यावर तिने पुठ्ठ्याची घडी करून शेगडीच्या एका पायाखाली सरकवली.

७ डिसेंबर

कपाटाचं दार आपोआप उघडतं. चेंडू नाही घरात, पण लसणाची पाकळी जमिनीवर पडली तर ती शेजाऱ्याच्या बाजूला जाते. मी सकाळपासून पाकळ्या सोडून बघतोय. आ-ख्वान म्हणाली, "म्हाताऱ्या माकडा, लसूण महाग झालाय." पण तीही थांबून बघत होती.

तिला हल्ली बाजारात फार वेळ लागतो. कोथिंबीर आणायला जाते आणि मंदिराच्या पायरीवर बसून राहते, असं आ-तेक सांगत होता. वय झालं, दुसरं काय.

१५ डिसेंबर

महापालिकेत तक्रार दिली होती. आज बांधकाम खात्याच्या रुआन मॅडम आल्या. तिशीच्या असतील, डोक्यावर हेल्मेट आणि पायांत कापडी बूट. त्यांनी छताच्या खिळ्याला दोरा बांधला आणि खाली ओळंबा सोडला. आम्ही तिघं त्याच्याकडे बघत उभे राहिलो. गंमत अशी की मला दोराच वाकडा दिसला. भिंत, दार, देव्हारा, सगळं सरळ, आणि मधोमध तो एक दोरा तिरका लोंबकळत होता. मी म्हणालो, "मॅडम, तुमचा दोरा बिघडलाय." दोऱ्यापासून भिंतीपर्यंतचं अंतर त्यांनी वर एकदा आणि खाली एकदा मोजलं.

मग वाटी खाल्ली. पैसे नको म्हटलं तर म्हणाल्या, "काका, मी महापालिकेची आहे, पण भूक माझी स्वतःची आहे." पैसे ठेवून गेल्या.

१९ डिसेंबर

काम थांबलं. महापालिकेने कंपनीला थांबवलं. घराची नीट तपासणी होऊन महापालिकेचा निर्णय होईपर्यंत यंत्र हलवायचं नाही. मी तीन वेळा वॉर्डप्रमुखांकडे जाऊन विचारून आलो, खरंच ना. तिसऱ्यांदा त्यांच्या बायकोने दार उघडलं नाही.

पंप बंद. इतकी शांतता की कानात दुखतंय.

४ जानेवारी

पंप नसल्यामुळे खड्ड्यात पाणी भरलंय. आमच्या मागच्या भिंतीत वर एक फट झाली आहे, त्यातून दुपारी ऊन पाण्यावरून उसळून आत येतं आणि छतावर हलतं. सोनेरी जाळं, सारखं हलणारं. मी पलंगावर पडून बघतो. पलंगही थोडा कललेला, त्यामुळे डोकं खाली आणि पाय वर, होडीत झोपल्यासारखं. डोळे मिटले तरी जाळं पापण्यांवर हलत राहतं. आज त्यात झोप लागली आणि वाटलं की घर सुटलंय, गल्लीच्या तोंडातून हळूहळू बाहेर निघालंय, आणि दोन्ही बाजूचे शेजारी दारात उभे राहून हात करतायत. मी त्यांना सांगत होतो की काळजी करू नका, आम्ही रात्रीपर्यंत परत येऊ.

जागा झालो तेव्हा आ-ख्वान दुकानाच्या दारात खुर्ची टाकून बसली होती. आत पलंग असताना ती हल्ली दुपारी तिथेच बसून डुलक्या काढते. म्हटलं, आत ये. म्हणाली, आत गरम होतं. जानेवारीत.

२८ जानेवारी

आमच्या पंचांगाच्या नव्या वर्षाची साफसफाई. सगळ्या भिंतींना चुना दिला. फटी आधी चुन्याने भरल्या, आणि ज्या भरल्या नाहीत त्यांवर लाल कागदाचे शुभ लेख चिकटवले. माझ्या आईच्या वेळी एवढे लाल कागद कधी लागले नव्हते. घर नवरीसारखं दिसतं. मुलीचा ताईपेईहून फोन आला, म्हणाली, "बाबा, फटी झाकू नका, तपासणीवाले येतील." मी म्हटलं, नवं वर्ष येतंय ते तपासणीवाल्यांसाठी थांबतं का. फटी उघड्या ठेवून नव्या वर्षाचं स्वागत कुणी केलंय.

नंतर मन खात राहिलं. पण चुना वाळला होता.

सणाचा पाचवा दिवस

सगळं शुभ. सगळं भरलेलं. आम्ही ठणठणीत.

(काल एक वाटी वाढली, आ-ख्वानच्या हातून. तुकडे लाल कागदात गुंडाळून ठेवलेत. याहून जास्त लिहीत नाही.)

सणाचा सहावा दिवस

आज कचेऱ्या उघडल्या आणि पहिल्याच दिवशी रुआन मॅडम आल्या. काम परत सुरू करू द्यायचं की नाही, याचा निर्णय महापालिकेला करायचा आहे, त्यासाठी घरमालकाचं म्हणणं लिहून न्यायचं होतं. समोर बसल्या, पेन काढलं.

आता आमच्याकडे काय आहे ते लिहून ठेवतो, म्हणजे पुढे माझ्यावर कुणी हसणार नाही. माझी आई सणात पंधराव्या दिवसापर्यंत, कंदिलांच्या सणापर्यंत, वाईट शब्द काढू देत नसे. भाताचं भांडं रिकामं झालं तरी 'भरपूर आहे' म्हणायचं. मी एकदा लहानपणी 'संपलं' म्हणालो तर तिने माझ्या तोंडावर हात मारला आणि तिन्हीसांजेपर्यंत उदबत्त्या लावल्या. या दिवसांत जे बोललं ते वर्षभर घरात राहतं. बाकीचे लोक हल्ली पाचव्या दिवशीच विसरतात. मी विसरत नाही.

"काका, घरात राहायला भीती वाटते का?" मॅडमनी विचारलं.

"कसली भीती. घर उत्तम आहे. घर मजबूत आहे."

पेन थांबलं. "भिंतींच्या फटी वाढल्यात का?"

"भिंती छान आहेत. नव्या चुन्यात आहेत."

"मागच्या वेळी म्हणालात दार लागत नाही."

"दार उघडंच बरं. धन आत यायला."

त्यांनी आ-ख्वानकडे पाहिलं. आ-ख्वान शेगडीशी उभी होती, हातात डाव. मॅडम म्हणाल्या, "काका, मी हे असंच लिहू?"

"असंच लिहा."

"मी कंदिलांच्या सणानंतर परत येते ना. तेव्हा शांतपणे लिहू."

"एवढ्या लांब दुसऱ्यांदा कशाला हेलपाटा. चांगलं बोलणं लगेच लिहावं."

"काका," त्या आवाज बारीक करून म्हणाल्या, "माझी आजीपण तुमच्यासारखीच. मला कळतं. पण माझ्या साहेबांना सण कळत नाही. ते फक्त कागद वाचतात."

"मग चांगलाच कागद वाचू देत," मी म्हणालो आणि सहीच्या जागी माझा शिक्का उमटवला.

मी नीट सांभाळलं. मॅडम पुन्हा पुन्हा वाईट शब्द काढायला लावत होत्या, मी एकही काढला नाही. आ-ख्वानने मात्र दिवसभर माझ्याशी बोलणं टाकलंय. सणात बायकोने अबोला धरणंही चांगलं नव्हे, हे तिला कसं सांगू.

२० फेब्रुवारी

कंदिलांचा सण झाला. आ-ख्वान सकाळी 'विजेचं बिल भरून येते' म्हणून गेली, जेवणाला आली. विजेची कचेरी कोपऱ्यावर आहे.

२७ फेब्रुवारी

महापालिकेचं पत्र आलं. मी दोनदा वाचलं आणि मग आ-तेककडून वाचून घेतलं. सणात येऊन गेलेल्या तपासणीवाल्यांना भिंतींत धोकादायक फटी दिसल्या नाहीत. घर थोडं कललेलं आहे, पण धोका नाही. आणि 'घरमालकाने स्वतः घर मजबूत असल्याचे व कोणतीही भीती नसल्याचे सांगितले आहे.' म्हणून कंपनीला काम पुढे चालू करायला परवानगी. नुकसानभरपाई कंपनीने कोर्टात जमा केली आहे, हवी तर घ्यावी.

आ-तेकने चष्मा काढला. "चिंग-शुई, तू असं बोललास?"

"सणात बोललो."

"सणात म्हणे. अरे, मी सणात बस चालवली आहे. ब्रेक लागला नाही तर 'ब्रेक उत्तम आहे' म्हणायचो का मी?"

संध्याकाळी पंप सुरू झाला. छतावरचं सोनेरी जाळं संपलं. आता लिहायला हरकत नाही: संपलं.

९ मार्च

मोफत सल्ला देणाऱ्या कचेरीत गेलो. तिथले फांग वकील तरुण आहेत, केस विस्कटलेले, टेबलावर अर्धा खाल्लेला पाव. मी म्हणालो, कंपनीवर खटला करायचा. ते म्हणाले, "काका, कंपनी महापालिकेच्या परवानगीने खणते. तुमचं भांडण महापालिकेशी. ती परवानगी रद्द करायला सांगायचं." मी म्हणालो, करा. ते म्हणाले, "करतो, पण त्याचा निकाल लागेपर्यंत बारा मजले उभे राहतील. इमारत पूर्ण झाली की कोर्ट म्हणतं, आता रद्द करायला काय उरलं, घरी जा. म्हणून आधी काओशुंगच्या कोर्टात अर्ज करू, की निकाल लागेपर्यंत काम थांबवा. त्यासाठी तुम्हाला तिथे उभं राहून सांगावं लागेल की घर पडायच्या बेतात आहे."

तो शब्द त्यांनी इतक्या सहज उच्चारला की मी टेबलाची कड धरली.

"आणि काका, दुसरी गोष्ट. तुम्ही ते सिद्ध केलंत की महापालिकेला तुम्हाला त्या घरात राहू देता येणार नाही. घर पडणार असेल तर त्यात माणसं कशी ठेवणार? काम थांबेल, पण तुम्हालाही बाहेर पडावं लागेल. विचार करून या."

म्हणजे घर वाचवायचं तर घराला तसं म्हणायचं, आणि तसं म्हटलं की घर सोडायचं. येताना बसमध्ये चुकीच्या थांब्यावर उतरलो.

आ-ख्वानला सांगितलं. मला वाटलं ती रडेल. ती वाट्या पुसत राहिली. म्हणाली, "बाहेर म्हणजे कुठे? सपाट जागेत?"

"ते महत्त्वाचं आहे का?"

"नाही. विचारलं आपलं."

२० मार्च

पितरांना विचारायचं ठरवलं. कोर्टात तो शब्द बोलू की नको? देव्हाऱ्यासमोर गुडघे टेकले, कौल लावायच्या लाकडी तुकड्यांची जोडी दोन्ही हातांत धरली, प्रश्न सांगितला आणि टाकली. जोडी घरंगळत गेली आणि भिंतीला टेकली. पुन्हा टाकली, पुन्हा तशीच, आणि दोन्हींच्या सपाट बाजू वर, म्हणजे पितर नुसते हसतायत, उत्तर देत नाहीत. किती वेळा टाकली ते सांगत नाही. सगळ्या वेळी हसतायत.

आ-ख्वान मागून म्हणाली, "जमीन हसतेय. मंदिरात जा, तिथली फरशी सरळ आहे."

मंदिरात गेलो. तिथे रांग होती. माझ्यापुढची बाई मुलाच्या लग्नाचं विचारत होती, एकामागून एक मुली सांगत होती आणि देव सगळ्यांना नाही म्हणत होता. माझी पाळी आली तेव्हा कुणी मला ऐकू नये म्हणून प्रश्न मनातल्या मनात विचारला. उत्तर 'हो' आलं. पण 'बोलू का' असं विचारलं होतं की 'न बोलू का', ते उठल्यावर आठवेना. परत विचारायची लाज वाटली.

२ एप्रिल

फार भीती वाटते. कोर्टात तो शब्द बोललो आणि इथे त्याच क्षणी काही झालं तर? आम्ही काओशुंगला, आणि घर एकटं. घराला वाटेल मालकाने हात काढून घेतला. इतकी वर्षं मी कधी घराबद्दल वाईट बोललो नाही. कधीकधी वाटतं, ते त्याच्यावरच उभं आहे.

दुपारी स्वप्नात घर माझ्या पाठीवर होतं, फार जड नव्हतं, कापसाच्या गादीएवढं. मी गल्लीतून चाललो होतो आणि लोक विचारत होते, काका, कुठे? मला उत्तर माहीत होतं, पण बोललो तर ते खाली पडलं असतं म्हणून मी नुसता हसत होतो.

आ-ख्वानने दाराजवळ एक कापडी गाठोडं ठेवलंय. हलवू गेलो तर म्हणाली राहू दे, धुवायला द्यायचंय. आणखी एक गोष्ट. ती आता झोपतानाही पायांत चपला ठेवते. मी म्हटलं, चादर मळेल. म्हणाली, मळू दे.

१४ एप्रिल

काओशुंगच्या गाडीत वीस वेळा आठवून पाहिलं, शेगडी बंद केली का. आ-ख्वान म्हणाली केली. तिने मला खिडकीशी बसवलं.

कोर्ट थंडगार. न्यायाधीश बाई, पन्नाशीच्या, गळ्यात मफलर. महापालिकेच्या बाजूला त्यांचे वकील आणि मागे रुआन मॅडम. त्यांनी आ-ख्वानकडे पाहून मान हलवली, आ-ख्वाननेही हलवली. शत्रूच्या बाजूची बाई, आणि ही तिच्याशी ओळख काढते. मी कोपराने ढोसलं तर मलाच उलटं ढोसलं.

महापालिकेच्या वकिलांनी माझं बोलणं वाचलं. घर मजबूत. भिंती छान. दार उघडंच बरं. कुणीतरी मागे हसलं. फांग वकील म्हणाले, हे सणात घेतलेलं म्हणणं आहे, माझ्या अशिलाची श्रद्धा अशी की पंधरा दिवस अशुभ बोलत नाहीत. महापालिकेचे वकील म्हणाले, "कायद्यात पंधरा दिवसांची सूट नाही."

न्यायाधीश बाईंनी मला उभं केलं. "वेंग महाशय, सहाव्या दिवशी तुम्ही जे सांगितलंत ते खरं होतं का?"

"शुभ होतं, साहेब."

"मी खरं विचारलं."

सगळे वाट बघत होते. पंखा फिरत होता. बाईंनी पेन खाली ठेवलं. "आज कुठला दिवस आहे? सण आहे का?"

"नाही, साहेब."

"कुठला उपास, कुठली पूजा?"

"नाही. आज साधा दिवस आहे."

"मग आज सांगा."

मी म्हणालो, "घर पडतंय."

एकदा बोललो आणि मग थांबता येईना. म्हणालो, वाट्या एका बाजूला जाड होतात. लसूण शेजाऱ्याकडे जातो. पितरांचा कौल भिंतीपर्यंत घरंगळतो. लाल कागद काढला तर मागच्या फटीत माझा हात मनगटापर्यंत जातो. बायको दारातल्या खुर्चीवर बसते, दुपारी आत झोपत नाही, रात्री चपला घालून झोपते आणि गाठोडी दाराशी ठेवते. असं बरंच काही. वकिलांनी सांगितलेलं निम्मं विसरलो आणि न सांगितलेलं बोलून बसलो.

न्यायाधीश बाई माझ्याकडे नाही, आ-ख्वानकडे बघत होत्या. का ते कळलं नाही. खटला तर माझा होता.

परतीच्या गाडीत बसल्याबरोबर आ-ख्वान माझ्या खांद्यावर झोपली. गाडी हलायच्या आधीच. तोंड उघडं टाकून, घोरत, एवढी गाढ की तिकीट तपासनीस कुजबुजत बोलला. मी मात्र डोळे ताठ उघडे ठेवून बसलो. बाहेर माशांची तळी मागे मागे जात होती, प्रत्येक तळ्यात एक ढग. मला वाटलं, आता पोचू तर गल्लीत धूळ असेल आणि लोक जमलेले असतील.

स्टेशनवर ती म्हणाली, आधी काहीतरी खाऊ. मी ऐकलं नाही. गल्लीच्या तोंडाशी तिला उभं केलं आणि म्हणालो, मी आधी बघून येतो.

घर उभं होतं. होतं तसंच, शेजाऱ्याकडे थोडं झुकलेलं, दारावर उन्हाने फिकट झालेला लाल कागद. मी बाहेर उभा राहून तो शब्द मोठ्याने पुन्हा म्हणालो. काही झालं नाही. एक टाईलसुद्धा हलली नाही.

मला आनंद व्हायला हवा होता. पण मी पायरीवर बसलो आणि फार ओकंबोकं वाटलं. म्हणजे इतकी वर्षं मी जे जपून बोललो त्याचा घराला काहीच आधार नव्हता. ते आपलं वाळूवर उभं होतं. मी बोललो काय आणि न बोललो काय.

२ मे

कोर्टाचा हुकूम आला. खटल्याचा निकाल लागेपर्यंत बांधकाम बंद. फांग वकिलांनी फोनवर इतक्या जोरात सांगितलं की आ-ख्वानलाही ऐकू आलं. आ-तेकने दोन वाट्या जास्त खाल्ल्या.

दुपारी रुआन मॅडम आल्या आणि त्यांनी आमच्या दारावर पिवळा कागद चिकटवला. धोकादायक इमारत, आत राहू नये. मी म्हणालो, "मॅडम, जरा वर लावा, नाहीतर गल्लीतली कुत्री ओली करतील." त्या हसल्या आणि मग डोळे पुसले. म्हणाल्या, "काका, काकू सणानंतर ऑफिसात आल्या होत्या तेव्हाच मला..." आणि आ-ख्वानने मधेच विचारलं, "मॅडम, वाटी खाणार का?"

ती ऑफिसात कधी गेली होती? विजेची कचेरी आणि महापालिका एकाच रस्त्यावर आहेत, त्यामुळे मॅडमचा गोंधळ झाला असेल.

१० मे

समोरच्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर दोन खोल्या घेतल्या. देव्हारा आधी आणला, मग शेगडी. वाट्या मी स्वतः कागदात गुंडाळून आणल्या, कुणाच्या हाती दिल्या नाहीत.

सपाट जमिनीवर मला चालता येत नाही. पाय आपोआप उजवीकडे जोर देतो आणि मी भिंतीवर आपटतो. आ-ख्वानही तशीच. सकाळी आम्ही दोघं स्वयंपाकघराच्या दारात एकमेकांवर आदळलो आणि ती हसत हसत खालीच बसली. मुलीने फोनवर विचारलं, काय झालं, तर आ-ख्वान म्हणाली, "काही नाही, तुझे बाबा आणि मी बोटीतून बंदरावर उतरलोय."

१९ मे

आज दुपारी आ-ख्वान पलंगावर झोपली. बराच वेळ. चपला पलंगाखाली काढून ठेवलेल्या, नीट जोडून. मी खिडकीशी बसून होतो. इथून आमचं छप्पर दिसतं, आणि त्यापलीकडे खड्डा, त्यात पाणी. काठावर एक बगळा एका पायावर उभा होता. कोर्टाची पुढची तारीख पावसाळ्यानंतर आहे. फांग वकील म्हणतात जिंकू. मी विचारलं, जिंकलो तर घर सरळ होईल का? ते म्हणाले, नाही काका, घर सरळ होत नाही.

ती उठली आणि माझ्याशेजारी येऊन बसली. तिच्या गालावर उशीची घडी उमटली होती. इतक्या वर्षांत तिला कधी विचारलं नव्हतं, विचारणंच अशुभ वाटायचं. आज विचारलं.

"तुला तिथे भीती वाटायची?"

"रोज," ती म्हणाली.

"मग बोलली का नाहीस?"

"कुणाशी बोलू? तू म्हणायचास, घर छान आहे."

खाली गल्लीत कुणीतरी स्कूटर सुरू करत होतं, सुरू होत नव्हती.

"तुला वाटायची?" तिने विचारलं.

"मलाही रोज."

तिने माझ्या डोक्यावर टपली मारली, अगदी हलकी. "दोघं मूर्ख," ती म्हणाली.

आम्ही खिडकीतून घर बघत बसलो. दुपारच्या उन्हात ते झोपल्यासारखं दिसत होतं, एका कुशीवर. मी म्हणालो, "एक दिवस ते पडेल."

"पडू दे," आ-ख्वान म्हणाली. "आपण आत नाही."

मी पुन्हा म्हणालो, जरा मोठ्याने, नुसतं कसं वाटतं ते बघायला. खाली स्कूटरवाल्याने मान वर करूनही पाहिलं नाही. ती उठली, तांदूळ भिजत घालायला गेली.